वाचकांचे प्रश्न: नवकोन जुळत नाही तेव्हा

प्रश्न: सुंदर राव यांच्या कागदाच्या घड्यांवरच्या पुस्तकावरून मुलांकडून नवकोन करून घेतला. कुणाचीच शेवटची बाजू पहिलीला भिडली नाही. घडी चुकते की पुस्तक?
– माध्यमिक शिक्षक, साखळी

उत्तर: घडी थोडीफार चुकत असेलही, पण मुख्य अडचण रीतीतच आहे, आणि लेखकाने ती लपवलेली नाही. टी. सुंदर राव यांचे ‘जॉमेट्रिक एक्झरसायझेस इन पेपर फोल्डिंग’ १८९३ साली मद्रासला निघाले. त्यातले समभुज त्रिकोण, पंचकोन, षट्कोन तंतोतंत आहेत. नवकोनाच्या प्रकरणात मात्र घड्यांनी कोनाचे तीन भाग जवळपास बरोबर होतात, एवढाच दावा आहे. नवकोनाचा केंद्रकोन (एका बाजूने मध्याशी केलेला कोन) ४०°, म्हणजे ६०°चे दोन तृतीयांश. पट्टी-कंपासने ६०°चे तीन समान भाग होत नाहीत, हे फ्रेंच गणिती वांत्झेलने १८३७ मध्ये सिद्ध केले. कोनात एक अंश फरक राहिला तरी नऊदा मोजून येईपर्यंत तो नऊ अंशांचा होतो. मग शेवटची बाजू कशी भिडणार?

मात्र दोन बिंदू एकाच घडीत दोन रेषांवर नेता येतात, आणि ही ताकद पट्टी-कंपासमध्ये नाही. इटलीच्या गणिती मार्गेरिता बेलोक यांनी १९३६ मध्ये हे दाखवून दिले. अशाच घडीने कोनाचे तंतोतंत तीन भाग करण्याची पुढची रीत जपानच्या हिसाशी आबे यांची.

१५ सेंमीचा चौरस घ्या. खालचा डावा कोपरा ‘अ’, उजवा ‘ब’. कागद उभा मधोमध दुमडून उघडा. आता ‘अ’मधून जाणारी अशी घडी घाला की ‘ब’ मधल्या रेघेवर येईल. ‘ब’ जिथे टेकला तिथे खूण करा आणि ‘अ’पासून त्या खुणेतून पुढे कडेपर्यंत रेघ ओढा. ती ६०°ची. घडीची रेघ स्वतः ३०°ची असते. मुले हमखास तीच धरून बसतात.

डाव्या कडेवर ‘अ’पासून ६ सेंमीवर ‘प’ घ्या. ‘अ’ला ‘प’वर आणून आडवी घडी घाला आणि उघडा. ही रेघ कडेला ३ सेंमीवर मिळते, तो बिंदू ‘म’. आता खरी घडी: ‘अ’ त्या आडव्या रेघेवर आणि त्याच वेळी ‘प’ ६०°च्या रेघेवर यायला हवा. कागद खिडकीच्या उजेडासमोर धरून सरकवत राहा, दोन्ही बिंदू बसल्याशिवाय घडी दाबू नका. एकाला बसवून दाबायचे आणि दुसरा ‘जवळपास’ सोडायचा, इथेच सगळे बिघडते. उघडण्यापूर्वी ‘अ’, ‘म’ आणि ‘प’ जिथे पडले तिथे टाचणीने टोचा. मूळ कोपऱ्यापासून ‘म’च्या नव्या जागेपर्यंतची रेघ खालच्या कडेशी ४०° करते. पडताळा सोपा आहे: कोपऱ्यापासून ‘अ’ आणि ‘प’च्या नव्या जागा दोन्ही सुमारे ८.८ सेंमीवर यायला हव्यात.

३ सेंमीऐवजी १ सेंमी घेतलेत तर टाचणीच्या टोकाएवढी चूकही कोनात उतरते. साडेपाच घेतलेत तर ‘अ’ची नवी जागा कागदाबाहेर जाते.

प्रश्न: यासाठी कागद कोणता वापरावा?
– पालक, म्हापसा

उत्तर: साधा ७०–८० जीएसएमचा झेरॉक्सचा कागद. कार्डशीटची घडी जाड पडते, आणि उजेडात पलीकडचे काही दिसत नाही. आपल्याकडे पावसाळ्यात उघडा ठेवलेला कागद ओल धरतो, सैल होतो आणि घडी नीट बसत नाही. शिवाय एका दिशेने जास्त फुगत असल्यामुळे चौरस चौरस राहत नाही. गठ्ठा प्लास्टिकच्या पिशवीत बांधून ठेवा, आणि कागद कापायचा तो करायच्या दिवशीच.

प्रश्न: कॉक्सिटरचे ‘इंट्रोडक्शन टू जॉमेट्री’ झेपत नाही. आधी काय वाचू?
– बी.एस्सी.ची विद्यार्थिनी, फोंडा

उत्तर: त्यांचेच, ग्राइट्झरबरोबर लिहिलेले ‘जॉमेट्री रिव्हिजिटेड’ (१९६७). शाळेची भूमिती पक्की असली की पुरे. रंजनासाठी हवे असेल तर राउझ बॉलचे ‘मॅथेमॅटिकल रिक्रिएशन्स’ घ्या, पण कॉक्सिटरने सुधारलेली आवृत्तीच. मूळ १८९२ची जुनाट वाटेल. ‘रिव्हिजिटेड’मध्ये मोर्लेचा सिद्धांत आहे: कोणत्याही त्रिकोणाच्या कोनांचे तीन-तीन भाग केले, की शेजारच्या रेघा मिळतात तिथे समभुज त्रिकोण होतो. वरच्या घडीने तो कागदावर करून पाहा. कोन विशाल असेल तर त्यातून ९०° वजा करा, उरलेल्याचे तीन भाग करा आणि त्यातल्या एका भागात ३०° मिळवा.