प्रश्नोत्तरे : पक्षाने काढलेला बॅरिस्टर, हॅमरस्मिथने ठेवलेला खासदार

मागच्या लेखात भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांच्या लंडनमधल्या अर्जाबद्दल लिहिताना डी. एन. प्रिट यांचं नाव ओझरतं येऊन गेलं. हे बॅरिस्टर पुढे ब्रिटिश संसदेत अपक्ष खासदार होते, असंही त्याच ओघात लिहिलं होतं. त्यावर बरीच पत्रं आली. त्यांतल्या निवडक प्रश्नांना ही उत्तरं.

राजगुरू आमच्या खेडचे. त्यांच्या बाजूने एका इंग्रज वकिलाने नेमकं काय मांडलं? (एलएलबीची विद्यार्थिनी, पुणे)

भगतसिंगांनी गोळी झाडली की नाही, हा वाद तिथे नव्हताच. 1 मे 1930 रोजी व्हाइसरॉय आयर्विन यांनी वटहुकूम काढून लाहोर खटल्यासाठी तीन न्यायाधीशांचं खास न्यायाधिकरण नेमलं होतं. त्याच्या निकालावर हायकोर्टात अपील करण्याची सोय नव्हती. असा वटहुकूम आणीबाणीतच काढता येत असे आणि त्याचं आयुष्य सहा महिने. न्यायाधिकरणाने 7 ऑक्टोबरला फाशी सुनावली, म्हणजे मुदत संपायला जेमतेम तीन आठवडे उरले असताना.

प्रिट यांनी बोट ठेवलं ते इथे. देशात आणीबाणी कुठे होती? नसेल, तर वटहुकूम बेकायदा, न्यायाधिकरण बेकायदा आणि शिक्षाही बेकायदा. प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे लंडनमधल्या, वसाहतींसाठीच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, फेब्रुवारी 1931 मध्ये सांगितलं की, आणीबाणी आहे की नाही हे ठरवणं गव्हर्नर जनरलचं (म्हणजे व्हाइसरॉयचंच) काम, कोर्टाचं नाही. अपील दाखल करून घ्यायलाच परवानगी मिळाली नाही. 23 मार्चला तिघांना फाशी झाली.

तेव्हा प्रिट खासदार नव्हते. 1927 पासून किंग्ज कौन्सेल, म्हणजे ज्येष्ठ बॅरिस्टर होते, आणि व्यवसाय उत्तम चालला होता. त्याच वर्षी, 1931 मध्ये, सुंदरलंडमधून निवडणूक लढवून ते पडले. संसदेत पोहोचले ते 1935 साली, पश्चिम लंडनमधल्या हॅमरस्मिथ नॉर्थमधून, मजूर पक्षाच्या तिकिटावर.

पक्षाने हाकलल्यावर त्यांची खासदारकी गेली कशी नाही? (निवृत्त शिक्षक, सातारा)

आपल्याकडच्या सवयीने पाहिलं तर हे खटकणारच. ब्रिटनमध्ये पक्षांतरबंदी कायदा तेव्हा नव्हता, आजही नाही. जागा त्या माणसाची, पक्षाची नव्हे. पक्ष फार तर तुम्हाला संसदीय गटातून काढील आणि पुढच्या वेळी तिकीट नाकारील. आपल्या राज्यघटनेच्या दहाव्या परिशिष्टाने, म्हणजे पक्षांतरबंदी कायद्याने, 1985 मध्ये उलटं गणित मांडलं. सर्वोच्च न्यायालयाने तर 1996 साली असंही म्हटलं की, पक्षाने काढलेला सदस्यही सभागृहात त्याच पक्षाचा धरला जातो. गेल्या काही वर्षांत महाराष्ट्राने या परिशिष्टाची पारायणं केली आहेत, तेव्हा जास्त सांगत नाही.

प्रिट यांना काढलं ते मार्च 1940 मध्ये. सोव्हिएत रशियाने फिनलंडवर हल्ला केला होता आणि हे गृहस्थ लेखणी घेऊन रशियाची बाजू मांडत होते. मजूर पक्षाला ते सोसवेना.

त्यांना आणखी एका गोष्टीचा फायदा झाला, आणि ती सहसा कुणी सांगत नाही. युद्धामुळे संसदेची मुदत वाढत गेली. 1935 नंतर सार्वत्रिक निवडणूक झाली ती थेट 1945 मध्ये. 1940 च्या वसंतात मतदारांपुढे जायची वेळ आली असती, तर फिनलंडबद्दल हळहळणाऱ्या लंडनकरांनी त्यांना निवडून दिलं असतं का? मला शंका आहे. पाच वर्षांनी लाल सेना बर्लिन जिंकून बसली होती आणि हवा पालटली होती.

1945 मध्ये मजूर पक्षाची लाट होती. त्या लाटेत त्याच पक्षाच्या उमेदवाराला अपक्षाने कसं पाडलं? (वाचक, नाशिक)

मजूर पक्षाने त्या वर्षी 393 जागा जिंकल्या. चर्चिल यांचं सरकार गेलं. आणि हॅमरस्मिथ नॉर्थमध्ये मात्र अधिकृत मजूर उमेदवार आणि हुजूर उमेदवार, दोघांनाही मागे टाकून प्रिट मोठ्या फरकाने आले.

याचं कारण माझ्या मते असं की, ते लाटेविरुद्ध पोहत नव्हतेच. ते स्वतःला मजूर चळवळीचेच म्हणवत. फक्त पक्षकचेरीचा शिक्का नव्हता. मतदाराला डावा खासदार हवा होता आणि दहा वर्षांचा ओळखीचा डावा खासदार समोर होता.

1950 मध्ये हे चाललं नाही. शीतयुद्ध सुरू झालं होतं. 1949 मध्ये प्रिट आणि पक्षाने काढलेले आणखी चार खासदार यांनी मिळून स्वतंत्र मजूर गट केला होता. या पाचांपैकी तिघे बॅरिस्टर: स्वतः प्रिट, जॉन प्लॅट्स-मिल्स आणि लेस्ली सॉली. उरलेल्या दोघांपैकी लेस्टर हचिन्सन हे नाव मुंबईच्या कामगार चळवळीचा इतिहास वाचणाऱ्यांना माहीत असेल. मीरत कटाच्या खटल्यात डांगे, मिरजकर, जोगळेकर, निंबकर यांच्याबरोबर आरोपीच्या पिंजऱ्यात बसलेला हा इंग्रज पत्रकार पुढे मँचेस्टरमधून खासदार झाला होता. 1950 च्या निवडणुकीत पाचच्या पाच जण पडले.

स्टालिनच्या खटल्यांना न्याय्य ठरवणाऱ्या माणसाचं एवढं कौतुक कशाला? (वकील, नागपूर)

तुमचं पत्र कडक आहे, आणि मुद्दा बिनतोड आहे.

ऑगस्ट 1936 मध्ये मॉस्कोत झिनोव्हिएव्ह, कामेनेव्ह हे जुने बोल्शेविक नेते आणि इतर चौदा जणांवर खटला चालला. प्रिट प्रेक्षकांत बसून होते. परत येऊन त्यांनी पुस्तिका लिहिली आणि खटला योग्य रीतीने चालल्याचा निर्वाळा दिला. आरोपींना वकील नव्हते. ते त्यांनी स्वतःच नाकारले, असं सांगण्यात आलं. पुरावा म्हणजे मुख्यतः कबुलीजबाब. सोळाही जणांना गोळ्या घातल्या गेल्या. 1988 मध्ये सोव्हिएत सर्वोच्च न्यायालयानेच झिनोव्हिएव्ह आणि कामेनेव्ह यांच्या शिक्षा रद्द केल्या.

आता लाहोर खटला आठवा. खास न्यायाधिकरण, अपील नाही, फाशीची घाई. या सगळ्यावर पाच वर्षांपूर्वी लंडनमध्ये उभं राहून हल्ला चढवणारा हाच माणूस. पोलिसांच्या ताब्यातला कबुलीजबाब म्हणजे काय चीज असते, हे फौजदारी वकिलाला कुणी शिकवायला लागतं का? मॉस्कोच्या त्या सभागृहात प्रिट यांनी एका साक्षीदाराची जरी मनातल्या मनात उलटतपासणी घेतली असती, तरी पुस्तिका वेगळी झाली असती.

ते असं का वागले, याची कारणं दिसतात. 1932 मध्ये फेबियन, म्हणजे ब्रिटनमधल्या सौम्य समाजवादी, मंडळींबरोबर रशियात जाऊन त्यांनी तिथल्या कायदेव्यवस्थेचा अभ्यास केला होता आणि त्यावर अनुकूल लिहिलं होतं. सप्टेंबर 1933 मध्ये राइशस्टाग, म्हणजे जर्मन संसदेच्या इमारतीला लागलेल्या आगीच्या प्रकरणात लंडनला भरलेल्या चौकशी आयोगाचे ते अध्यक्ष होते. या आगीबद्दल लायप्झिगला भरलेला खटला सुरू होण्याच्या आदल्याच दिवशी आयोगाने निष्कर्ष जाहीर करून संशयाची सुई नाझींकडे वळवली. हिटलरला तोंड देणारी एकच सत्ता आहे, असं मनाशी एकदा ठरलं की तिच्या घरातली रक्ताची थारोळी दिसेनाशी होतात. हे स्पष्टीकरण झालं, बचाव नव्हे. प्रिट यांनी ही भूमिका जाहीरपणे कधी मागे घेतली नाही, आणि 1954 च्या सुमारास सोव्हिएत शांतता पारितोषिकही स्वीकारलं. संसदेच्या दप्तरी ते अपक्ष होते. मॉस्कोच्या बाबतीत त्यांच्याइतका पक्का पक्षनिष्ठ माणूस सापडणं कठीण.

पण म्हणून लाहोरचा अर्ज आणि पुढची केनियातली वकिली (तिच्याबद्दल शेवटच्या उत्तरात) खोटी ठरत नाही. दोन्ही नोंदी एकाच माणसाच्या नावावर आहेत आणि दोन्ही वाचायच्या.

क्रिप्सही बॅरिस्टर आणि तेही अपक्ष होते, असं कुठेसं वाचलं. खरं का? (वाचक, कोल्हापूर)

खरं आहे. मार्च 1942 मध्ये योजना घेऊन दिल्लीत उतरलेले सर स्टॅफर्ड क्रिप्स कुठल्याही पक्षात नव्हते. जानेवारी 1939 मध्ये मजूर पक्षाने त्यांनाही काढलं होतं. सगळ्या डाव्या आणि उदार पक्षांची फॅसिझमविरोधी आघाडी करा, हा हट्ट त्यांनी सोडला नाही म्हणून. पण अपक्ष असतानाच ते मॉस्कोत राजदूत झाले आणि नंतर युद्धमंत्रिमंडळात बसले. 1945 मध्ये पक्षात परतले, 1946 मध्ये कॅबिनेट मिशनबरोबर पुन्हा भारतात आले आणि 1947 मध्ये अर्थमंत्री झाले.

प्रिट आणि क्रिप्स, दोघांची शाळा एकच, विंचेस्टर. दोघे कोर्टात समोरासमोरही आले. 1931 मध्ये हाँगकाँगमध्ये पकडलेल्या एका व्हिएतनामी क्रांतिकारकाचं प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलं. फ्रेंचांच्या हाती पडला असता तर त्याची धडगत नव्हती. त्याच्या बाजूने प्रिट, हाँगकाँग सरकारच्या बाजूने क्रिप्स. 1932 मध्ये दोघांनी तडजोड केली आणि माणूस वाचला. त्याला जग पुढे हो चि मिन्ह म्हणून ओळखू लागलं. समाजवादी क्रिप्स वसाहती सरकारचे वकील कसे, असं कुणी विचारील. इंग्लंडच्या बॅरिस्टरांनी आलेलं काम वैचारिक नावडीपोटी नाकारायचं नसतं, असा दंडक आहे.

पक्षाबाहेर पडून जिंकलेले वकील त्यानंतर झाले का? (वाचक, ठाणे)

थोडे. डिक टॅव्हर्न या मजूर पक्षाच्या बॅरिस्टर खासदाराने युरोपच्या प्रश्नावर पक्षाशी बिनसल्यावर राजीनामा दिला आणि मार्च 1973 मध्ये लिंकनची पोटनिवडणूक जिंकली. ऑक्टोबर 1974 मध्ये जागा गेली. कायद्याच्या प्राध्यापिका सिल्व्हिया हर्मन उत्तर आयर्लंडमधून 2010, 2015 आणि 2017 असं तीनदा अपक्ष म्हणून आल्या. माजी अ‍ॅटर्नी जनरल डॉमिनिक ग्रीव्ह यांना ब्रेक्झिटच्या भांडणात हुजूर पक्षाने बाहेर काढलं. 2019 मध्ये ते स्वतःच्याच मतदारसंघात दुसरे आले.

केनियाच्या खटल्यात प्रिट यांच्याबरोबर एक गोंयकार वकील होता म्हणतात. (वाचक, मडगाव)

होता. फिट्झ डिसोझा. 1952 च्या अखेरीस केनियाचे स्वातंत्र्यनेते जोमो केन्याटा आणि पाच सहकाऱ्यांवर माऊ माऊ ही ब्रिटिशांविरुद्ध लढणारी गुप्त संघटना चालवल्याचा खटला कापेनगुरिया नावाच्या आडगावात भरला. नैरोबीपासून मुद्दाम दूर. प्रिट साठी ओलांडलेले, खासदारकी गेलेली. बचावाच्या फळीत नेहरूंनी पाठवलेले दिवाण चमनलाल होते, नायजेरियाचे एच. ओ. डेव्हिस होते, जमैकाचे डडली थॉम्पसन होते, नैरोबीचे अछरू कपिला होते आणि विशी ओलांडलेले, मुंबईत जन्मलेले डिसोझा होते.

खटला चालू असतानाच प्रिट यांनी लंडनच्या खासदारांना तार केली की, इथे चाललंय ते न्याय नाकारण्यासारखं आहे. त्यावरून त्यांच्यावरच न्यायालयाच्या अवमानाची कारवाई झाली. ते निर्दोष सुटले आणि पुन्हा बचावाला उभे राहिले. एप्रिल 1953 मध्ये केन्याटांना सात वर्षं सक्तमजुरी झाली. मुख्य साक्षीदाराने 1958 मध्ये प्रतिज्ञापत्र करून आपण खोटं बोललो असं सांगितलं. 1963 मध्ये केन्याटा पंतप्रधान झाले. डिसोझा केनियाच्या संसदेचे उपसभापती झाले, आणि प्रिट 1965 मध्ये, पंचाहत्तरी उलटल्यावर, घानाच्या विद्यापीठात कायदा शिकवायला गेले.