वाचकांचे प्रश्न : अर्धसंरचित मुलाखतीची तयारी

प्रश्न : मी समाजकार्य विषयात पीएच.डी. करते आहे. कापूस उत्पादक कुटुंबांत विक्रीचा निर्णय कसा होतो आणि त्यात स्त्रियांचा वाटा काय असतो, हा माझा विषय आहे. आधी प्रश्नावली केली होती. 'अर्धसंरचित मुलाखती घ्या' असे मार्गदर्शकांनी सुचवल्यावर त्याच प्रश्नावलीतील पर्याय काढून बत्तीस प्रश्नांची यादी केली. मात्र मुलाखती पंधरा-वीस मिनिटांतच संपतात आणि 'हो', 'असतो ना', 'ते मालकच पाहतात' यापलीकडे हाती काही लागत नाही. कोठे बिघडते आहे?
— संशोधक विद्यार्थिनी, अमळनेर

उत्तर : पर्याय काढून टाकल्याने प्रश्नावलीची मुलाखत होत नाही, ती पर्याय नसलेली प्रश्नावलीच राहते. अर्धसंरचित मुलाखतीत विषय आधी ठरलेले असतात आणि प्रत्येक विषयासाठी एखाददुसरा मोकळा प्रश्नही लिहून ठेवलेला असतो. परंतु हे प्रश्न कोणत्या क्रमाने आणि कोणत्या शब्दांत विचारायचे, कोठे थांबून खोलात जायचे, हे समोरची व्यक्ती काय सांगते आहे यावरून त्या वेळी ठरते. या पद्धतीला तयारी कमी लागते असा समज सर्रास आढळतो. खरे तर प्रश्नावली एकदा छापली की ती कोणाच्याही हाती देता येते, येथे मात्र सगळी तयारी मुलाखत घेणाऱ्याच्या डोक्यात असावी लागते.

समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन आणि पॅट्रिशिया केंडल यांनी १९४६ साली 'अमेरिकन जर्नल ऑफ सोशिऑलॉजी'मध्ये केंद्रित मुलाखतीविषयी लेख लिहिला. ज्यांची मुलाखत घ्यायची त्यांनी एखादा विशिष्ट प्रसंग अनुभवलेला असावा, म्हणजे ठरावीक चित्रपट पाहिलेला किंवा रेडिओवरील कार्यक्रम ऐकलेला असावा, आणि संशोधकाने त्या प्रसंगाचे विश्लेषण आधीच केलेले असावे, अशी त्यांची अपेक्षा होती. मार्गदर्शिका, म्हणजे मुलाखतीत घ्यायचे विषय आणि मूळ प्रश्न यांचा कागद, त्या विश्लेषणातून तयार होते. तुमच्या विषयात चित्रपटाच्या जागी कापसाचा हंगाम आहे, आणि पहिल्या घराची पायरी चढण्यापूर्वी तो तुम्हाला पाठ असायला हवा. वेचणीची मजुरी किलोवर कशी ठरते, खेडा खरेदीचा व्यापारी दारात काटा लावून माल कसा उचलतो, सीसीआयच्या (भारतीय कापूस महामंडळाच्या) केंद्रावर आठ टक्क्यांपर्यंतचा ओलावा पूर्ण भावाने आणि बारा टक्क्यांपर्यंतचा कपात करून का घेतात, हे तुम्हाला ठाऊक असेल तरच पुढचा प्रश्न सुचेल. केंद्रावरची रक्कम सातबारा आणि आधार पाहून बँक खात्यात जमा होते, तर खेडा खरेदीत ती बहुधा ओट्यावरच हातात पडते. माल कोठे विकला यावर पैसा घरात कोणाच्या हाती आला हे बरेचसे अवलंबून असू शकते, आणि तुमच्या संशोधनाचा गाभा नेमका येथे असूनही बत्तीस प्रश्नांत त्याचा उल्लेख नाही.

आता प्रश्नांच्या घडणीकडे वळू. 'कापूस विक्रीच्या निर्णयप्रक्रियेत महिलांचा सहभाग असतो का?' हा तुमचा सातवा प्रश्न प्रबंधाच्या प्रस्तावनेत शोभेल, ओट्यावर शोभणार नाही. त्याला 'असतो ना' याखेरीज उत्तर नाही, कारण त्यात मत मागितले आहे, घडलेले काही मागितलेले नाही. २०२१-२२ च्या हंगामात कापूस क्विंटलला दहा हजारांच्या पुढे गेला. पुढच्या वर्षी तोच भाव पुन्हा मिळेल या आशेने कित्येक घरांत कापूस भरून राहिला आणि भाव मात्र खाली आले. त्या वर्षाविषयी विचारा. एखाद्या दिवसापासून सुरुवात केली की माणसाला सांगण्यासारखे काही सापडते. उदाहरणादाखल हा संवाद पाहा :

— त्या साली शेवटची गाडी केव्हा भरली?
— होळी झाल्यावर.
— तोवर माल घरातच होता?
— पुढच्या खोलीत, पार छतापर्यंत. नातवंडांना निजायला जागा नव्हती.
— मग काढायचा विषय निघाला कसा?
— मीच म्हटलं. पोरांच्या अंगाला खाज सुटली होती. म्हटलं, आता काढा बरं.
— त्यावर घरातले काय म्हणाले?
— ते म्हणे, अजून पंधरा दिवस थांबू. मग मी दिराला सांगितलं.

'ते मालकच पाहतात' असे सांगणारी बाईच हे सांगू शकते, आणि दोन्ही उत्तरांत खोटे काहीच नाही. व्यापाऱ्याशी बोलणी मालकच करतात; पण माल घराबाहेर निघण्याची वेळ कोणी आणि कोणामार्फत आणली, हे दुसऱ्या प्रकारच्या प्रश्नातूनच कळते. येथे मूळ प्रश्न एकच आहे. बाकीचे तिच्याच उत्तराचे शेपूट धरून आलेले उपप्रश्न आहेत. मार्गदर्शिकेत असे पाच-सहा मूळ प्रश्न पुरेत. प्रत्येकाखाली 'नक्की काय झाले', 'तेव्हा कोण कोण होते', 'त्याआधी असे कधी झाले होते का' अशा खुणा समासात लिहून ठेवाव्यात, म्हणजे ऐन वेळी कागद वाचत बसावे लागणार नाही. 'कापूस का ठेवला?' असे थेट विचारले की शेतकऱ्याला जाब विचारल्यासारखे वाटते आणि तो भावाच्या राजकारणावर बोलू लागतो. 'ठेवायचे ठरले तेव्हा घरात काय बोलणे झाले होते?' असे विचारले तर तो घराविषयी बोलतो. उत्तर संपल्यासारखे वाटले तरी लगेच पुढच्या प्रश्नावर उडी घेऊ नये. आपल्याकडे माणसे थोडे थांबून, पानतंबाखू मळता मळता खरी गोष्ट सांगतात.

उत्तर सुचवणारे प्रश्न टाळावेत हे पाठ्यपुस्तकांत असतेच. मात्र मुलाखतपद्धतीचे अभ्यासक स्टाइनर क्वाले यांनी त्याला एक सवलत दिली आहे : आपल्याला समजले ते बरोबर आहे का हे पडताळण्यासाठी असा प्रश्न जाणीवपूर्वक विचारता येतो. 'म्हणजे दिराने सांगितल्यावर ते तयार झाले, असे म्हणता येईल का?' असे विचारले की ती बाई हो म्हणेल किंवा तुम्हाला दुरुस्त करेल. दुरुस्त केले तर अधिक चांगले.

नवी मार्गदर्शिका दोन-तीन घरांत करून पाहा, ध्वनिमुद्रण स्वतः ऐका आणि तुमचा आवाज जेथे फार वेळ ऐकू येतो ते प्रश्न बदला. वेळही विचारपूर्वक निवडा. वेचणी ऐन भरात असताना गेलात तर बाई शेतात आणि पुरुष जिनिंगच्या रांगेत सापडेल. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी आलेल्या लेकी सासरच्या व्यवहाराविषयी अधिक मोकळेपणाने बोलतील असे मला वाटते. फक्त ती मुलाखत माहेरी झाली आहे, हे टिपणात आणि प्रबंधात स्पष्ट लिहावे लागेल.

प्रश्न : बाईची मुलाखत सुरू केली की नवरा किंवा सासरे शेजारी येऊन बसतात आणि तेच उत्तरे देतात. त्यांना उठवायचे कसे? शिवाय संमतीपत्रावर सही मागितली की लोक बिचकतात.
— प्राध्यापिका, शिरपूर

उत्तर : उठवू नये. घर त्यांचे आहे, आणि तुमच्यासमोर तासभर गप्प बसलेली सून तुम्ही निघून गेल्यावरही त्याच घरात राहणार आहे. आधी पुरुषांचीच रीतसर मुलाखत घ्यावी; आपले म्हणणे नोंदवले गेले की ते बहुधा स्वतःहून कामाला लागतात. दोघी संशोधक असाल तर एकीने ओट्यावर आणि दुसरीने मागच्या दारी बसावे. तेही शक्य नसेल तर ती बाई निवडण-टिपण करत असताना, शेतात किंवा गोठ्यात असताना गाठावे आणि कामात हात लावत बोलावे. तरीही कोणी शेजारी बसलेच तर ती मुलाखत टाकून देण्याचे कारण नाही. कोण बसले होते, कोणत्या प्रश्नाला कोणी उत्तर दिले, बाईने वाक्य कोठे अर्धवट सोडले, हे सर्व त्याच संध्याकाळी लिहून ठेवावे. ही माहितीच आहे.

कागदावरच्या सहीची भीती अनाठायी नाही. या भागात कागदावर अंगठा देऊन जमीन गेल्याच्या गोष्टी घराघरांत सांगितल्या जातात. संस्थेच्या नैतिकता समितीकडून तोंडी संमतीची परवानगी आधी घ्यावी. माहिती कशासाठी हवी आहे, नाव कोठेही येणार नाही, मध्येच थांबता येईल आणि नंतर नको वाटले तर ध्वनिमुद्रण पुसून टाकता येईल, हे साध्या शब्दांत सांगावे आणि त्यांचा होकार ध्वनिमुद्रित करावा. आणखी एक बारीक गोष्ट : नाव बदलल्याने ओळख लपत नाही. 'तापीकाठच्या एका गावातील, केळी आणि कापूस दोन्ही करणारी विधवा माजी सरपंच' असे लिहिले तर तालुक्यातील कोणीही बोट दाखवील.

प्रश्न : माझे क्षेत्रकार्य धडगाव भागात असून मला पावरी (पावरा आदिवासींची बोली) येत नाही. दुभाषा घेऊन केलेली अर्धसंरचित मुलाखत ग्राह्य धरली जाते का? लिप्यंतर, म्हणजे ऐकलेले शब्दशः लिहून काढणे, कोणत्या भाषेत करावे?
— संशोधक, शहादा

उत्तर : ग्राह्य धरली जाते, मात्र दुभाष्याला मुलाखतीचा घटक मानावे लागते. उपप्रश्न कोणता येईल हे आधी ठरलेले नसते, त्यामुळे दुभाष्याने सारांश सांगितला की तुमचा पुढचा प्रश्न त्या सारांशावर बेततो आणि खरे बोलणे मागे राहते. म्हणून मुलाखतीआधी त्याच्यासोबत बसून प्रत्येक मूळ प्रश्न पावरीत मोठ्याने बोलून घ्यावा, तो जे ऐकेल ते प्रथमपुरुषी आणि वाक्यागणिक सांगायला सांगावे, आणि ध्वनिमुद्रणात दोन्ही आवाज राहू द्यावेत, म्हणजे नंतर दुसऱ्या जाणकाराकडून काही भाग तपासून घेता येतो. ग्रामपंचायतीचा पदाधिकारी किंवा त्याचा नातेवाईक दुभाषा म्हणून घेऊ नये. रेशन, रोजगार हमी किंवा स्थलांतर यांविषयी त्याच्यासमोर कोणी मोकळे बोलणार नाही.

लिप्यंतर शक्यतो बोलल्या भाषेतच, देवनागरीत करावे. हे अहिराणीलाही लागू आहे, रावेर-यावलकडच्या लेवा बोलीलाही. प्रमाण मराठी रूप फक्त प्रबंधात उद्धृत करायच्या वाक्यांना द्यावे आणि मूळ वाक्य सोबत ठेवावे. तासाभराचे ध्वनिमुद्रण लिहून काढायला पाच-सहा तास सहज लागतात, दोन भाषा असल्या की त्याहून अधिक. सगळ्या मुलाखती आटोपून मग लिहायला बसू नका. पहिली लिहून झाल्यावर दुसरी कशी घ्यायची ते कळते.

प्रश्न : कापूसविक्रीविषयी शेतकऱ्यांच्या माझ्या अठरा मुलाखती झाल्या आहेत. शंभर तरी हव्यात, असे विभागात सांगितले जाते. नक्की किती पुरेत? आणि निष्कर्षांत टक्केवारी द्यावी का?
— संशोधक विद्यार्थी, धुळे

उत्तर : शंभरची अपेक्षा सर्वेक्षणातून आलेली आहे आणि येथे तिला आधार नाही. ग्रेग गेस्ट आणि सहकाऱ्यांनी २००६ मध्ये घाना आणि नायजेरियातील स्त्रियांच्या साठ मुलाखती क्रमाने तपासून पाहिल्या. बहुतेक संकल्पना पहिल्या बारा मुलाखतींतच येऊन गेल्या होत्या. तेव्हापासून 'बारा' हा आकडा प्रबंधांत मंत्रासारखा उतरवला जातो. पण त्या स्त्रिया बऱ्याच अंशी एकसारख्या गटातील होत्या आणि त्यांना विचारलेले प्रश्नही सारखे होते, हे पुढे कोणी लिहीत नाही. तुमच्या अठरांत शिंदखेड्याकडचे कोरडवाहू शेतकरी, तापीकाठचे बागायतदार आणि बटाईने करणारे असे तिन्ही असतील तर प्रत्येकाच्या वाट्याला जेमतेम सहा येतात. किर्स्टी माल्टरुड आणि सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये मांडलेली माहितीसामर्थ्याची कसोटी मला अधिक उपयोगी वाटते : उद्देश जितका नेमका, निवडलेली माणसे जितकी प्रसंगाशी जोडलेली आणि संवाद जितका सकस, तितक्या कमी मुलाखती पुरतात. तुमच्याकडे कोणत्या प्रकारचे घर अजून आलेले नाही ते पाहा. माल ताबडतोब विकून मोकळे झालेले एकही कुटुंब नसेल तर तेथे जा. माल भरून ठेवणाऱ्यांच्या आणखी दहा मुलाखतींनी ती उणीव भरून निघणार नाही.

टक्केवारी देऊ नये. अठरांपैकी तेरा जणांनी एखादी गोष्ट सांगितली याला 'बहात्तर टक्के' म्हटले की ते जिल्ह्याचे चित्र वाटू लागते. शिवाय उरलेल्या पाच जणांना तो प्रश्न त्याच रीतीने विचारला गेला होता की नाही, हे अशा मुलाखतीत ठामपणे सांगता येत नाही. 'बहुतेकांनी', 'मोजक्यांनी' असे लिहावे आणि वेगळे बोलणाऱ्यांना स्वतंत्र जागा द्यावी. व्हर्जिनिया ब्राऊन आणि व्हिक्टोरिया क्लार्क यांनी २००६ मध्ये सांगितलेले आशयसूत्र-विश्लेषणाचे (मुलाखतींच्या मजकुरातून अर्थाची समान सूत्रे शोधण्याचे) सहा टप्पे तुम्ही वापरणार आहात असे पत्रात लिहिले आहे. ते वापरताना मार्गदर्शिकेतील शीर्षकेच आशयसूत्रे म्हणून पुन्हा छापू नका. 'विक्रीचे मार्ग' हा तुम्ही विचारलेला विषय आहे. 'घरातली जागा मोकळी करण्याची घाई' हे लोकांच्या बोलण्यातून निघालेले सूत्र होऊ शकते.

परीक्षकांसाठी एक व्यावहारिक सोय सांगतो. मुलाखतीवर आधारित संशोधन कसे मांडावे यासाठी २००७ मध्ये प्रसिद्ध झालेली बत्तीस मुद्द्यांची 'कोरेक' तपासणीसूची आहे. ती आरोग्य संशोधनासाठी केलेली असली तरी मुलाखत कोणी घेतली, उत्तरदात्याशी आधीची ओळख काय होती, शेजारी कोण होते, मार्गदर्शिका आधी करून पाहिली होती का, हे तिच्यातील मुद्दे कोणत्याही विषयाला लागू पडतात. प्रबंधाच्या परिशिष्टात मार्गदर्शिकेचा पहिला आणि सुधारलेला असे दोन्ही मसुदे जोडावेत आणि कोणता प्रश्न कोणत्या मुलाखतीनंतर बदलला याची नोंद त्यांच्यासोबत द्यावी.