रीवाला जा, पण जूनमध्ये दुकानात बस

प्रिय बाबू,

'क्रिकेट खेळून बघतो, नाही जमलं तर घरचं दुकान आहेच' म्हणालास आणि उद्योगपती कुमार मंगलम बिर्लांच्या मुलाचं, आर्यमन बिर्लाचं उदाहरण दिलंस ते बरं केलंस, पण अर्धंच दिलंस. मध्य प्रदेशकडून तो ९ प्रथम श्रेणी सामने खेळला. ४१४ धावा आणि एक शतक, तेही २०१८ मध्ये ईडन गार्डन्सवर बंगालविरुद्ध नाबाद. त्याच वर्षी राजस्थान रॉयल्सनं त्याला ३० लाखांना घेतलं, पण आयपीएलचा एकही सामना त्याच्या वाट्याला आला नाही. २०१९ च्या डिसेंबरात, २२ व्या वर्षी, तो क्रिकेटमधून थांबला. २०२३ मध्ये घरच्याच ग्रासिम कंपनीचा संचालक झाला. आपल्या अवारपूरचा सिमेंट कारखाना ज्या अल्ट्राटेकचा, ती ग्रासिमचीच उपकंपनी. तुझ्या वावरातून दिसतो तो कारखाना त्याच्या घरचा आहे, बापा. तुझ्या घरचं आहे कृषी केंद्र.

त्याच्याकडून घ्यायचंच असेल तर रीवा घे. मुंबईत त्याला काय कमी होतं? तरी खेळायला मिळावं म्हणून मध्य प्रदेशातल्या रीवाला जाऊन राहिला. आणि तू नागपुरात खोली करायला का-कू करतोस! सिलेक्टर गडचांदूरच्या मॅटवर येणार नाहीत.

दुसरं, तो का थांबला ते. मनावरचा ताण सोसवत नाही, हे त्यानं जाहीरपणे सांगितलं. आपल्याकडे असं कोणी बोललं की 'नाटकं करते' म्हणतात. म्हणू दे. ट्रायलच्या आधी झोप उडाली, जेवण जाईना, तर मला सांग किंवा १४४१६ ला फोन कर. टेली-मानसची सरकारी सेवा आहे, फुकट आहे, मराठीतही बोलतात.

आता पैसा. २०२१ च्या दरानं नव्या रणजी खेळाडूला अकरा जणांत असेल तर दिवसाला ४०,००० मिळतात, राखीव बसला तर निम्मे. साखळीचे ७ सामने, प्रत्येकी ४ दिवस, म्हणजे सगळे खेळलास तर ११ लाख २० हजार. पुढच्या सीझनला नाव नसलं तर शून्य. त्या शून्यासाठी दुकान हवं, आणि 'दुकान आहेच' म्हणून ते राहत नसतं.

बघ, तुझं नशीब कसं आहे. मृगात आपल्याकडे ग्राउंडवर चिखल, सामने बंद, आणि बियाणं-खताची खरी विक्री तेव्हाच. जून-जुलै काउंटरवर बस. कोणतं वाण कोणत्या जमिनीत चाललं, कोण दरवर्षी रोखीनं नेतो, कोण दोन दुकानांत उधारी ठेवतो, हे बाबांच्या डोक्यात आहे, कागदावर नाही. ते उतरवून घे. घोडं अडतं वसुलीत. पराटी फुटते ऑक्टोबरनंतर, कापूस विकला की शेतकऱ्याच्या हाती चुकारा येतो, आणि नेमका तेव्हाच रणजीचा सीझन. विक्रीला तू असशील, वसुलीला नसशील. कृषी केंद्रं बुडतात ती तिथंच. बियाणं-खताच्या कंपन्यांना द्यायचे पैसे काही थांबत नाहीत. म्हणून हिशेबाला तुझ्या बहिणीला घे. ती बी. कॉम. करते आहे, तुझ्यापेक्षा आकड्यांत पक्की आहे, आणि तिला विचारायचं कुणाच्या मनातही आलेलं नाही. तिचा पगार ठरव, फुकट राबवू नको.

नागपूरच्या खोलीचं बाबांशी मी बोलतो, आठवडी बाजाराला येणारच आहे. तोवर गेल्या हंगामाची उधारीची वही काढ आणि गावनिहाय बाकी लिहून ठेव.

तुझे,
सर