लेवाल्स्की वाचताना धर्माचा भाग गाळला तर चालेल का?

प्रश्न असा: सोळाव्या-सतराव्या शतकातल्या इंग्रजी साहित्याच्या अभ्यासक बार्बरा लेवाल्स्की यांची पुस्तकं कोणत्या क्रमाने वाचावीत, आणि रस फक्त लेखिकांमध्ये असेल तर बायबलचं सगळं ओलांडून पुढे गेलं तर चालेल का?

नाही चालणार. ‘त्या काळच्या बायकांच्या लेखनात धर्म म्हणजे नुसतं वेष्टन, ते सोलून फेकलं की आत स्त्रीवाद सापडतो’ हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय की क्रम नंतर सांगते, आधी हे निस्तरू.

इंग्रज कवयित्री एमिलिया लॅनियरचं १६११ साली लंडनमध्ये छापलेलं पुस्तक घ्या. मुख्य कविता ख्रिस्ताच्या दुःखसहनाची, आठ-आठ ओळींची २३० कडवी. मध्येच पिलाताची, म्हणजे ख्रिस्ताला मृत्युदंड देणाऱ्या रोमी सुभेदाराची, बायको बोलायला लागते. मूळ बायबलात तिला जेमतेम एक ओवी: मत्तय २७:१९. ती नवऱ्याला निरोप धाडते, या नीतिमान माणसाच्या वाटेला जाऊ नका. लॅनियर तिच्या तोंडी हव्वेचं अख्खं वकीलपत्र देते.

आता बायबल बाजूला ठेवून हा भाग वाचा. ‘हव्वा बिचारी भोळी होती’ एवढंच हाती लागेल, आणि ते काही फार धाडसी नाही. मग बायबलाच्या पहिल्या पुस्तकातलं उत्पत्ती २:१६-१७ उघडा. झाडाचं फळ खाऊ नकोस ही आज्ञा देव आदामाला देतो तेव्हा हव्वा जन्मलेलीच नाही. ती येते २:२२ ला. म्हणजे देवाच्या तोंडून हुकूम ऐकला तो आदामाने. यानंतर नव्या करारातल्या पत्रातलं १ तीमथ्य २:१४ वाचा: आदाम भुलवला गेला नाही, भुलवली गेली ती स्त्री. बाईने शिकवू नये, गप्प राहावं, यासाठी तिथे हेच कारण दिलेलं आहे आणि शतकानुशतकं तेच पुढे केलं गेलं.

लॅनियर हे वचन नाकारत नाही. ती म्हणते, अगदी बरोबर, त्याला कुठल्याच सापाने फसवलं नाही. मग त्याने खाल्लं ते जाणूनबुजून, आणि खायचंच ठरवल्यावर त्याला अडवणार कोण होतं? हव्वेने फळ दिलं ते प्रेमापोटी. पुढचा टोला आणखी झणझणीत: पुरुष ज्या ज्ञानाचा तोरा मिरवतात ते त्यांनी हव्वेच्याच हातून घेतलं, पुस्तकातून घ्यावं तसं. आणि हव्वेचा गुन्हा ख्रिस्ताला मारण्याच्या गुन्ह्यापुढे किती, हे तोलून ती स्त्रियांचं स्वातंत्र्य परत मागते. बायबल काढून घेतलंत तर यातलं काय उरतं? इथे युक्तिवादच वचनांवर उभा आहे. जनाबाईचे अभंग विठ्ठल वगळून वाचा असं कोणी म्हणालं तर आपण हसू. इथे मात्र लोक गंभीरपणे माना डोलावतात.

लॅनियरच्या नावाची दुसरी दुर्दशा म्हणजे १९७३ मध्ये इतिहासकार ए. एल. राउझ यांनी ती शेक्सपिअरच्या सुनीतांमधली अनामिक प्रेयसी, ‘डार्क लेडी’, असल्याचं जाहीर केलं, आणि बाई कवी आहे हे बाजूला पडून ती कोणाची कोण यावरच चर्चा रंगली. तिला कवी म्हणून नीट वाचणाऱ्या पहिल्या मोजक्या अभ्यासकांत लेवाल्स्की आहेत. माझा त्यांच्याकडे ओढा आहे तो यासाठी.

आता क्रम. सुरुवात ‘रायटिंग विमेन इन जेकोबियन इंग्लंड’ने (१९९३); जेकोबियन म्हणजे राजा पहिल्या जेम्सच्या काळातलं. त्यात नऊ जणी आहेत, पण पहिल्या प्रकरणापासून निघालात तर जेम्सची राणी अ‍ॅन आणि दरबारी नाट्यनृत्यांत अडकून पडाल. थेट सहावं घ्या, रेचल स्पेट. जोसेफ स्वेटनमच्या स्त्रीनिंदेला या पोरीने १६१७ मध्ये स्वतःच्या नावानिशी छापील उत्तर दिलं. तिचा मुद्दा साधा: बाई आदामाच्या पायापासून केली नाही, डोक्यापासूनही नाही, कुशीतून केली, हृदयाजवळून. त्यानंतर आठवं, लॅनियर. मग सातवं, एलिझाबेथ केरी आणि तिचं नाटक. उरलेली सवडीने.

त्यानंतर ‘प्रोटेस्टंट पोएटिक्स’ (१९७९), सतराव्या शतकातल्या धार्मिक कवितेची मुळं प्रोटेस्टंट बायबलवाचनात दाखवणारं. जाडजूड आहे. पहिल्यांदा डन, हर्बर्ट या कवींवरची प्रकरणं न वाचता आधीचा सैद्धान्तिक भाग वाचा: बायबलातले काव्यप्रकार, जुन्या करारातल्या घटनेत नव्या कराराची पूर्वछाया पाहण्याची रीत, स्तोत्रसंहितेचं वजन. अवजारं इथे मिळतील. मिल्टनचं चरित्र (२०००) शेवटी, तेही आदाम-हव्वेवरचं त्याचं महाकाव्य ‘पॅरडाइज लॉस्ट’ हाताशी असेल तरच.

मराठी वाचकाला एक सोय आहे. फादर स्टीफन्सचं ‘क्रिस्तपुराण’ १६१६ चं, गोव्यात रायतूरला छापलेलं, म्हणजे लॅनियरनंतर अवघ्या पाच वर्षांनी. माणूस जन्माने इंग्रजच, पण जेझुइट, म्हणजे एका कॅथलिक संघाचा धर्मगुरू. त्यातला दुःखसहनाचा भाग ओव्यांत वाचून मग लॅनियरकडे गेलात तर कथानक शोधण्यात वेळ जाणार नाही.

एक कबुली द्यायला हवी. ‘प्रोटेस्टंट पोएटिक्स’मधले पाचही प्रमुख कवी पुरुष आहेत, आणि जन्माने कॅथलिक असलेल्या डनला त्या चौकटीत बसवताना लेवाल्स्की बऱ्यापैकी जोर लावतात. समीक्षक लुई मार्ट्झचं १९५४ चं ‘द पोएट्री ऑफ मेडिटेशन’ हे पुस्तक याच कवितांची मुळं कॅथलिक ध्यानपद्धतीत शोधतं. दोन्ही शेजारी ठेवून वाचा. पहिल्या पुस्तकातल्या नऊ जणींतही राजघराण्यातल्या आणि सरदारघरच्याच जास्त. आणि हो, बायबल मराठीतलं चालेल.