बल्ब उडतो तेव्हा : मोटारीच्या दिव्यांविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : सादर नमस्कार. आमच्या घरच्या मोटारीच्या डाव्या हेडलाइटचा बल्ब गेल्या आठ महिन्यांत तीनदा उडाला. उजव्या बाजूचा मात्र मोटार घेतल्यापासून तोच आहे. दर वेळी चांगल्या प्रतीचाच बल्ब बसवला होता. दोष बल्बात आहे की मोटारीत? शिवाय एक बल्ब उडाला की दोन्ही बदलावेत असे सांगतात, त्यात तथ्य किती आणि विक्रेत्याची सोय किती?

उत्तर : उजव्या बाजूचा बल्ब अजून तोच आहे, ही आपल्या पत्रातील सर्वांत उपयोगी माहिती आहे. अल्टरनेटर (इंजिनावर चालून वीज बनवणारे यंत्र) गरजेपेक्षा अधिक व्होल्टेज देत असता, तर त्याचा मार दोन्ही बल्बांना सारखाच बसला असता. एरवी ती शंका रास्तच असते, कारण व्होल्टेज पाच टक्क्यांनी वाढले तरी फिलामेंटचे, म्हणजे बल्बमधील तापून उजळणाऱ्या तारेचे, आयुष्य सुमारे निम्म्यावर येते. आपल्या बाबतीत कारण डाव्या बाजूलाच शोधावे लागेल. बल्ब त्याच्या खोबणीत घट्ट बसला आहे का, तो धरून ठेवणारी तारेची क्लिप सैल झाली आहे का, कपलरच्या (बल्बला वीज पोहोचवणाऱ्या जोडणीच्या) आतल्या पितळी पट्ट्या काळवंडल्या आहेत का आणि प्लास्टिक तपकिरी पडले आहे का, हे पाहावे. सैल जोडामुळे बल्ब क्षणोक्षणी बंद-चालू होतो. थंड फिलामेंटचा रोध फार कमी असल्यामुळे दर वेळी चालू होताना त्यातून नेहमीच्या कितीतरी पट प्रवाह धावतो, आणि फिलामेंट थकते ते अशा धक्क्यांनी. रबरी बूट (बल्बच्या मागचे झाकण) नीट बसला नसेल, तर आत ओल शिरून याच पट्ट्या गंजतात.

उडालेला बल्ब टाकून दिला नसेल, तर तो खिडकीपाशी उजेडात धरून पाहावा. काच आतून काळपट-चंदेरी झाली असेल, तर टंगस्टन झिजून बल्ब वयोमानाने गेला आहे. आत दुधी पांढरा थर दिसला, तर काचेला किंवा तळाच्या जोडाला तडा जाऊन हवा शिरली आहे. काच स्वच्छ असून फिलामेंट मधोमध तुटले असेल, तर बहुधा हादरे कारणीभूत आहेत. काचेला एकाच जागी फुगवटा आला असेल, तर तिथे कोणाचे तरी बोट लागले होते, असे समजावे.

बोट लावू नये हा सल्ला पुष्कळांना सोवळ्याओवळ्याचा प्रकार वाटतो, पण त्यामागे हॅलोजन बल्बची रचनाच आहे. तापलेल्या फिलामेंटवरून टंगस्टनची वाफ सतत उडत असते. आत भरलेले आयोडीन किंवा ब्रोमीन त्या वाफेला काचेजवळ गाठते, तिच्याशी संयोग पावते आणि पुन्हा फिलामेंटपाशी आणून सोडते. हे चक्र चालण्यासाठी काच सुमारे २५० अंश सेल्सिअसच्या वर तापलेली असावी लागते, म्हणून बल्ब इतका लहान आणि काच फिलामेंटला इतकी खेटून असते. एवढ्या तापलेल्या काचेवर बोटाचे तेल जळून बसते, त्या जागी उष्णता साठते आणि काच कमकुवत होते. चुकून हात लागलाच, तर सुती कापडावर थोडे स्पिरिट घेऊन काच पुसावी आणि पूर्ण वाळल्यावरच बल्ब बसवावा.

आता जोडीचे. साध्या हॅलोजन बल्बचे आयुष्य काही शे तासांचे असते. दोन्ही बल्ब एकाच दिवशी बसवलेले असतील आणि एक उडाला, तर दुसराही उताराला लागलेला असतो, म्हणून दोन्ही बदलावेत. आपल्या मोटारीत उजवा बल्ब जुना आहे आणि डावा वारंवार नवा येतो आहे. त्यामुळे डावीकडचा दोष आधी दूर करून मगच जोडी बदलावी, नाहीतर नव्या जोडीतलाही डावा बल्ब पुन्हा उडेल.

प्रश्न : रात्रीच्या प्रवासात हेडलाइटचा उजेड अपुरा पडतो. मोटारीत एच४ बल्ब आहेत. एक मित्र १००/९० वॉटचे बल्ब सुचवतो, दुसरा एलईडी बसवायला सांगतो, तर दुकानदाराने निळसर पांढऱ्या प्रकाशाचे बल्ब पुढे केले. कोणता पर्याय निवडावा?

उत्तर : तिन्ही पर्याय बाजूला ठेवून आपण आधी हेडलाइटची काच पाहावी, असे मी सुचवीन. अलीकडच्या मोटारींत ती काच नसून पॉलिकार्बोनेट हे पारदर्शक प्लास्टिक असते आणि उन्हातील अतिनील किरणांनी ते पिवळट व धुरकट होते. अशा पडद्यामागे कितीही दमदार बल्ब बसवला, तरी प्रकाश रस्त्यावर पडण्याऐवजी काचेतच विखुरतो. दुसरी तपासणी मल्टिमीटरने करावी. इंजिन आणि दिवे चालू ठेवून बॅटरीच्या टोकांवरचे आणि बल्बच्या कपलरवरचे व्होल्टेज मोजावे. बल्बपर्यंत एक व्होल्ट कमी पोहोचत असेल, तर जवळपास चौथाई प्रकाश वाटेतच हरवतो, कारण व्होल्टेज थोडे घटले तरी प्रकाश त्याच्या कितीतरी पटीने घटतो. खराब अर्थिंग (वीज परत नेणारी मोटारीच्या सांगाड्याची जोडणी) साफ केले किंवा हेडलाइटसाठी रिले (विजेवर चालणारा स्विच) आणि जाड वायर टाकली, तर तेच बल्ब उजळलेले दिसतात. अपुऱ्या उजेडाच्या तक्रारींचा मोठा भाग मला या दोन ठिकाणीच निवळताना दिसला आहे.

१००/९० वॉटच्या बल्बविषयी माझे मत स्पष्ट आहे : ते बसवू नयेत. एच४ बल्बमध्ये दोन फिलामेंटे असतात, अप्परसाठी (दूरच्या झोतासाठी) ६० वॉटचे आणि डिपरसाठी (खाली रोखलेल्या झोतासाठी) ५५ वॉटचे. मोटारीची वायरिंग, स्विच आणि होल्डर यांचा हिशोब याच आकड्यांवर केलेला असतो. डिपर ५५ वरून ९० वॉटवर नेला, तर बारा व्होल्टला प्रवाह साडेचार अँपिअरच्या आसपास असतो तो साडेसातवर जातो. वायरमधली उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढत असल्यामुळे ती अडीच पटींहून अधिक होते. होल्डर वितळतो, रिफ्लेक्टरचा चकचकीत लेप करपतो आणि वर्षभराने उजेड पहिल्यापेक्षाही कमी पडतो. समोरून येणाऱ्याच्या डोळ्यांत जे जाते ते वेगळेच.

एलईडीचा प्रश्न अधिक बारकाईने समजून घ्यायला हवा. जुना एच४ बल्ब हातात घेऊन पाहावा. पुढच्या फिलामेंटखाली पत्र्याची एक चिमुकली वाटी दिसते. हे डिपरचे फिलामेंट. त्याचा खाली जाणारा प्रकाश ती वाटी अडवते, त्यामुळे रिफ्लेक्टरचा फक्त वरचा भाग उजळतो आणि रस्त्यावरच्या प्रकाशाला वरून सरळ कापल्यासारखी कड येते. समोरच्या चालकाचे डोळे वाचतात ते या कडेमुळे. हेडलाइटचा रिफ्लेक्टर त्या काही मिलिमीटर लांबीच्या फिलामेंटची जागा गृहीत धरून घडवलेला असतो. ती जागा किंचित हलली, तरी किरणांची दिशा बदलते. एलईडी बल्बमध्ये फिलामेंटऐवजी एका पट्टीच्या दोन्ही बाजूंना चिप बसवलेल्या असतात. फिलामेंट चहूबाजूंनी सारखा प्रकाश टाकते, चिप तशा टाकत नाहीत. म्हणून अशा पुष्कळ बल्बांचा प्रकाश मोटारीसमोरच्या पाच-दहा मीटरांत लख्ख पडतो, चालकाला समाधान वाटते, पण जवळच्या झगमगाटाला डोळे सरावल्यामुळे दूरचा रस्ता उलट अंधारात जातो. मागच्या पंख्यामुळे बूट बंद होत नाही, ही आणखी एक अडचण. शिवाय एलईडी पुढच्या बाजूला फारशी उष्णता टाकत नाही, त्यामुळे बर्फाळ प्रदेशात काचेवर साचलेला बर्फ वितळत नाही.

हॅलोजनसाठी बनवलेल्या हेडलाइटमध्ये एलईडी बसवण्यास अनेक देशांत मान्यता नाही. जर्मनीत २०२० पासून काही ठरावीक एलईडी बल्बांना परवानगी मिळू लागली, तीही चाचणी झालेल्या मोटारींपुरतीच. या अटीमागचे तर्कशास्त्र वरच्या वाटीतच आहे : तोच बल्ब एका रिफ्लेक्टरमध्ये नीट चालतो आणि दुसऱ्यात चालत नाही.

निळसर बल्बची काच निळ्या रंगाच्या लेपाने मढवलेली असते. लेप म्हणजे गाळणी, आणि गाळणी प्रकाश कमी करते. उजेड पांढरा दिसतो म्हणून जास्त वाटतो, इतकेच. अधिक प्रकाशाचा दावा करणाऱ्या हॅलोजन बल्बांत फिलामेंट जास्त तापवलेले असते. त्यांचा उपयोग खरोखर जाणवतो, पण ते लवकर उडतात. काच आणि वायरिंग ठीक करूनही उजेड कमीच वाटला, तर ६०/५५ वॉटचे असे बल्ब बसवावेत. वेष्टनावर आणि बल्बच्या तळावर वर्तुळातील ‘ई’ हे अक्षर व त्याशेजारचा देशाचा क्रमांक आहे ना, हे पाहून घ्यावे. संयुक्त राष्ट्रांच्या ३७ क्रमांकाच्या नियमावलीतील मापे तो बल्ब पाळतो, याची ती खूण आहे.

प्रश्न : आमच्या मोटारीचा डावा इंडिकेटर दुप्पट वेगाने लुकलुकतो. तसेच ब्रेक दाबला की मागचा डावा इंडिकेटर मंदपणे लागतो. हे दोन दोष आहेत की एकच?

उत्तर : बहुधा दोन. इंडिकेटरचा एक बल्ब उडाला की सर्किटमधला प्रवाह घटतो आणि उरलेले बल्ब जलद लुकलुकतात. चालकाला दिवा गेल्याचे कळावे म्हणून ही सोय मुद्दाम ठेवलेली आहे. त्यामुळे डाव्या बाजूचा पुढचा, मागचा आणि आरशावरचा किंवा मडगार्डवरचा, असे सगळे बल्ब पाहून घ्यावेत. आपण तिथे एलईडी बल्ब बसवला असेल, तरी तो कमी प्रवाह ओढत असल्यामुळे हेच लक्षण दिसते. त्यावर उपाय म्हणून विकला जाणारा रेझिस्टर चांगलाच तापतो, म्हणून तो प्लास्टिकला किंवा वायरीला टेकू देऊ नये. खरे तर २१ वॉटचा मूळ बल्ब परत बसवणे हाच सरळ मार्ग आहे.

दुसरा दोष अर्थिंगचा आहे. मागच्या दिव्यातले सगळे बल्ब एकाच अर्थ वायरवर अवलंबून असतात. ती गंजली की ब्रेकचा प्रवाह परतीसाठी इंडिकेटरच्या बल्बमधून वाट काढतो. वायरचे टोक घासून घट्ट बसवले की हा खेळ थांबतो. सोबत ब्रेक आणि टेल लाइटचा एकत्रित बल्बही तपासावा. त्याला २१ आणि ५ वॉटची दोन फिलामेंटे असतात आणि तळाच्या दोन खिळ्या मुद्दाम वरखाली ठेवलेल्या असतात, म्हणजे तो उलटा बसणार नाही. नारिंगी इंडिकेटर बल्बच्याही खिळ्या नेमक्या समोरासमोर नसतात, म्हणून साधा बल्ब त्या होल्डरात जात नाही. कानस घेऊन खिळी घासणारी माणसे मी पाहिली आहेत. कृपया तसे करू नये.

प्रश्न : माझ्या नव्या मोटारीच्या हेडलाइटमध्ये बल्बच दिसत नाही. तो कसा बदलावा?

उत्तर : आपल्या हेडलाइटमध्ये कारखान्यातूनच एलईडी बसवलेले असावेत. त्यात स्वतंत्र बल्ब नसतो. दोष आल्यास पूर्ण दिवा किंवा त्यातले मॉड्यूल बदलावे लागते. आत झेनॉन दिवा असल्याची शंका आली, तर हात लावू नये. तो पेटताना वीस हजार व्होल्टच्या वर झटका देणारे उपकरण तिथे असते.

प्रश्न : मला एच७ बल्ब स्वतः बदलायचा आहे. मेकॅनिककडे न जाता हे जमेल का? बल्ब बदलल्यावर प्रकाश योग्य ठिकाणी पडतो आहे की नाही, हे घरी कसे समजेल?

उत्तर : बॉनेट उघडल्यावर हेडलाइटच्या मागे हात पोहोचत असेल, तर नक्की जमेल. काही मोटारींत बंपर किंवा बॅटरी काढावी लागते. तिथे हट्ट करू नये.

जुना बल्ब काढण्यापूर्वीच तयारी करावी. संध्याकाळी मोटार सपाट जागेवर भिंतीकडे तोंड करून लावावी, दिव्यांची उंची कमी-जास्त करणारी चकती शून्यावर ठेवावी आणि जो हेडलाइट चालू आहे त्याच्या प्रकाशाची वरची कड भिंतीवर चिकटपट्टीने आखून घ्यावी. दिव्यापासून भिंत दहा मीटरांवर असेल, तर ही कड दिव्याच्या मध्यबिंदूपेक्षा साधारण दहा सेंटिमीटर खाली येते. हा एक टक्क्याचा उतार आहे आणि पुष्कळ मोटारींत हेडलाइटवर किंवा जवळच्या पट्टीवर तो आकडा छापलेलाही असतो.

मग दिवे बंद करून बल्ब थंड होऊ द्यावा. आतला वायू दाबाखाली असतो, म्हणून डोळ्यांवर चष्मा असावा. रबरी बूट काढून कपलर ओढावा. वायर धरून ओढू नये. तारेची क्लिप कशी अडकवली आहे, याचा फोटो आधी काढून ठेवावा, कारण ती सुटल्यावर तिचा मूळ आकार आठवत नाही. नवा बल्ब तळाच्या धातूच्या चकतीला धरावा. चकतीच्या कडेला एक खाच किंवा जीभ असते आणि होल्डरमध्ये तिची जोडीदार जागा असते. दोन्ही जुळल्या की बल्ब सपाट बसतो आणि हलत नाही. नंतरच क्लिप अडकवावी, कपलर लावावा आणि बूट सर्व बाजूंनी बसवावा.

मी पहिल्यांदा बल्ब बदलला तेव्हा चकती अर्धवट तिरकी बसली होती आणि जोर लावल्यामुळे क्लिपही अडकली. दिवा लागला, मी खूश झालो, आणि त्या रात्री समोरून येणारे प्रत्येक वाहन मला डिपर मारत गेले. म्हणून दिवा लागला एवढ्यावर थांबू नये. मोटार पुन्हा त्याच जागी लावून नव्या बल्बची कड आखलेल्या रेषेशी ताडून पाहावी. कड वर गेली असेल, पसरली असेल किंवा एका बाजूला झुकली असेल, तर हेडलाइट सरकवण्याच्या स्क्रूला हात लावू नये, कारण हेडलाइट हललेला नसून बल्ब नीट बसलेला नाही. तो काढून पुन्हा बसवावा.