हात सोंगटीकडे जाण्याआधी : बुद्धिबळाविषयी वाचकांचे प्रश्न

बुद्धिबळावर या महिन्यात आलेल्या पत्रांपैकी फारच थोडी ‘कुठली ओपनिंग खेळू’ असं विचारणारी होती. बाकीच्यांचा रोख डोक्यात काय होतं याकडे होता. त्यातली पाच इथे घेतली आहेत.

मी ४३ वर्षांचा आहे. लोकलमध्ये मोबाइलवर रोज तीस-चाळीस कोडी सोडवतो आणि बरीच बरोबर येतात. पण रविवारी खऱ्या पटावर बसलो की उंट नाहीतर घोडा फुकट जातो. मग ही कोडी काय कामाची?
— एक वाचक, डोंबिवली

कोडं समोर येतं तेव्हा सोबत एक खबरही येते : इथे काहीतरी आहे, शोधा. ही खबर तुम्ही रोज चाळीस वेळा आयती घेता. पटावर ती द्यायला कुणी नसतं. शिवाय कोड्यात मारणारी बाजू कायम तुमची असते. मार कुठून बसेल हे बघायची सवय त्यातून लागतच नाही. आणि क्लबच्या पातळीवर उंट-घोडे जातात ते बहुधा समोरच्याच्या एका साध्या चालीने. त्यामागे फार खोल डावपेच नसतात.

म्हणून चालीचा क्रम बांधून घ्या. समोरच्याने चाल केली की दोन प्रश्न : सोंगटी जिथे बसली तिथून ती कुठे बघते, आणि जिथून उठली तिथे मागे काय उघडं पडलं? पहिला प्रश्न सगळेच विचारतात, दुसरा राहून जातो. घोडा सरकला आणि त्याच्यामागच्या उंटाची तिरकी वाट मोकळी झाली हे दिसत नाही, कारण डोळा हललेल्या घोड्याबरोबर गेलेला असतो. मग आपली चाल शोधा. ती सापडल्यावर मनात करून टाका आणि समोरच्या खुर्चीत जाऊन बसा : त्याला मिळणारे सगळे शह, मग सगळे मार, मग वजिरावर येणारे हल्ले. याच क्रमाने. सरावल्यावर याला पंधरा-वीस सेकंद लागतात. तोवर दोन्ही तळवे मांडीखाली. दिसायला पोरकट दिसेल, पण हात लावलेली सोंगटी हलवावीच लागते, तेव्हा हात दूर असलेला बरा. पूर्वी ‘चाल आधी लिहा, मग एकदा पट बघा, मग खेळा’ असं शिकवत. ते आता करू नका. बरोबरीचा दावा करायचा असेल तेवढा अपवाद सोडला, तर चाल आधी लिहायला फिडे या जागतिक बुद्धिबळ संघटनेच्या नियमांनी बंदी आहे.

समोरच्याच्या खुर्चीतून बघण्याची ही शेवटची पायरी ठरवूनच करावी लागते, कारण मनाला ती नको असते. २००८ साली बिलालिच, मॅक्लिओड आणि गोबे या संशोधकांनी चांगल्या खेळाडूंना एक स्थिती दिली. तिच्यात वजीर बळी देऊन घोड्याने करायची सर्वांच्या ओळखीची मात होती आणि तिच्याहून कमी चालींत होणारी दुसरीही होती. ओळखीची मात सापडल्यावर खेळाडू म्हणत होते, आम्ही आणखी चांगलं काही शोधतोय. डोळ्यांची हालचाल टिपणारा कॅमेरा मात्र दाखवत होता की नजर पहिल्या कल्पनेच्याच घरांवर घुटमळते आहे. थोडक्यात, ‘मी तपासलं’ असं वाटणं आणि तपासणं यांत अंतर असतं. ते फक्त तुमच्याआमच्यात नाही. २००६ मध्ये बॉन इथे डीप फ्रिट्झ या संगणक-प्रोग्रामविरुद्ध खेळताना विश्वविजेत्या क्रॅमनिकने वजीर हलवला आणि पुढच्याच चालीला एच ७ या घरावर त्याच्यावर मात झाली. त्याची वेळ संपत आलेली नव्हती.

आता कोडी. चाळीसची आठ करा. प्रत्येकी पाच मिनिटं, बोट न लावता, समोरच्याच्या सर्वांत चिवट उत्तरासकट पूर्ण ओळ कागदावर लिहायची आणि मगच उत्तर बघायचं. एखाद्या मित्राला त्याच्या डावांतल्या दहा स्थिती मागा, त्यांतल्या निम्म्यांत काहीही नसलेलं हवं. कोणत्या निम्म्यांत, ते त्याने सांगायचं नाही. ‘इथे काही नाही, साधी चाल खेळतो’ असं म्हणता येणं हेही कौशल्यच आहे. शिवाय हरलेल्या शेवटच्या वीस डावांची एक वही करा. चालीचा क्रमांक, घड्याळात उरलेला वेळ आणि चुकीचा प्रकार : धमकी दिसली नाही, आपलीच सोंगटी हलवल्याने मागचं उघडं पडलं, चालींचा क्रम उलटा झाला, ‘तो मारणारच’ असं धरून चाललो. बहुतेकांच्या वहीत एकच रकाना फुगलेला निघतो. सराव त्याचा करायचा.

माझी मुलगी दहा वर्षांची आहे. पहिला डाव हरली की रडते आणि मग पुढचे दोनही हरते. दोन फेऱ्यांच्या मध्ये तिच्याशी काय बोलावं?
— एक पालक, मुलुंड

कमीत कमी. शाळेच्या हॉलबाहेरच्या पायऱ्यांवर मोबाइल उघडून ‘अगं, इथे तू चार प्याद्यांनी वर होतीस’ असं दाखवणारे पालक दर रविवारी दिसतात. त्याने डाव परत येत नाही, फक्त दुःखाला आकडा मिळतो. मग पुढच्या फेरीत मूल समोरच्याशी न खेळता त्या आकड्याशी खेळतं.

हरल्यानंतरचा खेळ दोन तऱ्हांनी बिघडतो आणि दोन्हींचा उपाय वेगळा आहे. काही मुलं घाईने खेळतात, लवकर जिंकून भरपाई करायची असते. काही घाबरून खेळतात, प्रत्येक सोंगटी मागे घेतात, मारामारी (सोंगटीच्या बदल्यात सोंगटी) करून पट रिकामा करतात. तुमची मुलगी कुठल्या तऱ्हेची ते तिच्या स्कोअरशीटवर, म्हणजे चाली लिहायच्या कागदावर, कळेल, पण त्यासाठी चालीशेजारी घड्याळातली वेळ लिहिलेली हवी. ते नियमात बसतं. घाई असेल तर पुढच्या डावात पहिल्या दहा चालींना, पाठ असल्या तरी, निदान दहा सेकंद द्यायचे. भीती असेल तर एकच बंधन : मारामारी करण्याआधी ‘यानंतर कुणाची सोंगटी चांगल्या घरात राहते?’ हे मनात विचारायचं.

मधल्या वेळेचा क्रम असा ठेवा. तिने स्कोअरशीटच्या मागे एक ओळ लिहावी, ‘डाव कुठे हातातून गेला असं वाटतं’. कागद घडी करून पिशवीत. रडू येत असेल तर रडू द्या, पाचेक मिनिटांत ओसरतं. ‘रडू नकोस’ म्हटलं की लांबतं. मग पाणी, केळं किंवा चिक्की. पोटभर वडापाव नको, दुपारच्या फेरीला डोळे मिटायला लागतात. थोडं चालणं. फेरीच्या पाच मिनिटं आधी जागेवर. एप्रिल-मेमध्ये पंखे असलेल्या हॉलात घाम पुसायला नॅपकिन द्या, ओल्या हाताने सोंगट्या निसटतात. फेरी चालू असताना तिला दिसेल अशा जागी उभं राहू नका. मुलं पटावरून नजर उचलून आईबाबांचा चेहरा वाचतात.

डाव बघायचा तो सोमवारी. आधी अर्धा तास कॉम्प्युटरशिवाय, तिने बोलायचं आणि तुम्ही ऐकायचं. मग शंका असलेल्या तीनच स्थिती इंजिनला, म्हणजे बुद्धिबळाच्या कॉम्प्युटर प्रोग्रामला, विचारायच्या.

रेटिंगचा हिशेब तुम्हीच एकदा समजून घ्या, म्हणजे घरातली धडधड कमी होईल. फिडेच्या क्लासिकल (लांब वेळेच्या डावांच्या) रेटिंगमध्ये अठरा वर्षांखालच्या, २३०० च्या आतल्या खेळाडूंचा गुणक, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलेल ते ठरवणारा आकडा, ४० असतो. बरोबरीच्या रेटिंगवाल्याकडून हरलं तर २० गुण जातात, १०० ने कमी असलेल्याकडून हरलं तर साधारण २६. २०० ने वरच्याला हरवलं तर ३० मिळतात. म्हणजे एका स्पर्धेत पन्नास-साठ गुण खालीवर होणं ही या वयातली रोजची गोष्ट आहे.

शाळेत असताना खेळायचो. आता ६६ व्या वर्षी नातवाबरोबर पुन्हा पट मांडला. ओपनिंग पाठ होत नाहीत. स्मरणशक्ती गेली असेल तर हा नाद सोडावा का?
— एक आजोबा, गिरगाव

सोडू नका, पाठ करणं सोडा. चेस आणि सायमन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी १९७३ मध्ये खेळाडूंना खऱ्या डावातली स्थिती पाच सेकंद दाखवून आठवणीने मांडायला सांगितली. मास्टरने सोळाच्या आसपास सोंगट्या बरोबर ठेवल्या, नवख्याने चारेक. मग त्याच सोंगट्या वाटेल तशा विखरून दाखवल्या तेव्हा मास्टरची सरशी संपली. म्हणजे त्याची सगळी स्मरणशक्ती तल्लख नव्हती, तो ओळखीचे पुंजके बघत होता. किल्लेकोट केलेला राजा, पुढची तीन प्यादी आणि शेजारचा हत्ती हा त्याच्यासाठी एकच तुकडा. गिरगावातल्या दुकानाची पाटी तुम्ही काना-मात्रा जुळवत वाचत नाही, तसंच.

पुंजके डाव बघून साठतात. पांढऱ्याकडून एक आणि काळ्याकडून दोन सुरुवाती ठरवा. प्रत्येकीचे वीस-पंचवीस पूर्ण डाव लाकडी पटावर लावा. पुढच्या चाली पुठ्ठ्याने झाकायच्या, आपला अंदाज बोलून दाखवायचा, मग पुठ्ठा खाली सरकवायचा. अंदाज चुकेल तिथेच शिकणं असतं. अंतिम डावांपैकी (थोड्याच सोंगट्या उरल्यावरच्या खेळापैकी) राजा-प्यादं विरुद्ध राजा एवढा पक्का करा, त्यातही दोन राजे एक घर सोडून समोरासमोर आल्यावर चाल कुणाची हे. वयाने मंदावतो तो वेग, म्हणून तीन मिनिटांचा ब्लिट्झ नातवाला खेळू द्या आणि तुम्ही त्याला पंधरा मिनिटं अधिक चालीला दहा सेकंदांवर ओढा.

नव्वद मिनिटं अधिक चालीला तीस सेकंद असूनही माझी वेळ पंचविसाव्या चालीलाच संपत येते. मग जिंकलेले डाव जातात.
— एक विद्यार्थिनी, विलेपार्ले

चाळीस चालींना तीस-तीस सेकंदांचे वीस मिनिट मिळतात. एकूण ११० मिनिटं, म्हणजे चालीला पावणेतीन मिनिटं. माहीत असलेल्या पहिल्या दहा चाली दहा मिनिटांत संपवा, एखाद-दोन कठीण जागांसाठी पंधरा-वीस मिनिटं राखून ठेवा, आणि तिसाव्या चालीला घड्याळात वीस मिनिटं दिसली पाहिजेत. तुमच्या पाच स्कोअरशीट काढा आणि दहा मिनिटांहून जास्त लागलेल्या चालींभोवती गोल करा. बहुतेक गोल दोन चालींत अडकल्याचे असतील : पहिली तपासली, पटली नाही; दुसरी, तीही नाही; पुन्हा पहिली. शेवटी घड्याळ बघून दचकायचं आणि न तपासलेली तिसरीच खेळायची. हा फार जुना आजार आहे. पथ्य असं की एका चालीचा विचार एकदाच, निकाल मनात शब्दांत (‘बरोबरी’, ‘थोडं बरं’, ‘प्यादं जातं’), आणि दोन्ही सारख्याच वाटल्या तर साधी निवडून मोकळं व्हायचं.

‘जिंकलेले डाव जातात’ यात मात्र वेळेइतकाच थकव्याचाही हात असतो. थकलेलं डोकं पट सोपा करायला धावतं. १२ डिसेंबर २०२४ ला सिंगापूरमध्ये जागतिक अजिंक्यपदाच्या चौदाव्या, शेवटच्या डावात तेव्हाचा विश्वविजेता डिंग लिरेन एक प्यादं मागे होता, पण स्थिती बरोबरीत राखता येण्याजोगी होती. पंचावन्नाव्या चालीला त्याने हत्ती एफ २ वर नेऊन हत्तींची मारामारी देऊ केली. प्रतिस्पर्धी गुकेशने हत्ती मारले, मग डिंगचा कोपऱ्यात अडकलेला उंटही मारामारीत संपवला आणि उरला तो नुसत्या राजा-प्याद्यांचा, हरलेला डाव. तेव्हा फक्त राजे आणि प्यादी उरतील अशी मारामारी दिसली, तर घड्याळात पाचच मिनिटं असली तरी त्यांतली तीन तिथेच घाला. तो डाव शेवटपर्यंत मोजता येतो, आणि चुकला तर सुधारता येत नाही.

समोरचा सतत पाय हलवतो, दर दोन चालींनी बरोबरी मागतो. लक्ष उडतं. काय करावं?
— एक वाचक, बोरिवली

त्याच्याशी वाद घालू नका. घड्याळ थांबवा, हात वर करा, पंचांना बोलवा आणि हळू आवाजात सांगा. प्रतिस्पर्ध्याला कुठल्याही प्रकारे त्रास देणं नियमाने मना आहे आणि उगाच पुन्हा पुन्हा बरोबरी मागणं त्यातच मोडतं. प्रस्तावाची रीतही ठरलेली आहे : आपली चाल करायची, बरोबरी विचारायची, मग घड्याळ दाबायचं. तुमची वेळ चालू असताना त्याने विचारलं तर तेही पंचांना सांगा. प्रत्येक प्रस्ताव स्कोअरशीटवर कंसात बरोबरीचं चिन्ह करून नोंदवा, म्हणजे पंच आल्यावर किती वेळा मागितली ते दाखवता येईल. पाय हलण्यावर सोपा इलाज : आपली चाल झाली की उठा, दोन मिनिटं फिरून या. मात्र पटाशी परत बसल्यावर त्याची शेवटची चाल काय झाली ते आधी लिहा, मग विचार सुरू करा.