डीएलएल सापडत नाही? आधी एवढंच करा

ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या ऑफिसांत जुनी बिलिंग सॉफ्टवेअर अजून चालतात, त्यामुळे नव्या पीसीवर डीएलएल (सॉफ्टवेअरला चालायला लागणारी मदतनीस फाइल) सापडत नाही, असा एरर येणारच. घाबरू नका, हे जमण्यासारखं आहे.

सर्वात महत्त्वाचं म्हणजे हरवलेली फाइल गुगलून कुठल्याही साइटवरून उतरवू नका. नवीन माणूस हमखास इथेच चुकतो. आवृत्ती चुकीची निघते, कधी सोबत व्हायरसही येतो. ती फाइल ज्या पॅकेजमधली आहे, ते अख्खं पॅकेज टाका. उदाहरणार्थ, एमएसव्हीसीआर१००.डीएलएल मागत असेल तर मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून व्हिज्युअल सी++ २०१० रीडिस्ट्रिब्युटेबल (त्या फाइलीचं अख्खं पॅकेज) घ्या. सॉफ्टवेअर ३२-बिट असेल तर विंडोज ६४-बिट असूनही एक्स८६ (म्हणजे ३२-बिट) आवृत्तीच लागते.

आणखी दोन गोष्टी:

- सिस्टम३२ फोल्डरमध्ये हाताने काही कॉपी करू नका. ६४-बिट विंडोजमध्ये तिथे ६४-बिट फाइली असतात. ३२-बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये. नावं उलटी वाटतात, पण खरंच तसंच आहे!
- आधी डेटाचा बॅकअप. मार्चअखेर असेल तर दोन.

डीएलएल रजिस्टर करण्याचं, म्हणजे विंडोजमध्ये तिची नोंद करण्याचं, नंतर बघू. एररचा स्क्रीनशॉट आणि विंडोजची आवृत्ती तेवढी पाठवा.